नात्यांच्या शब्दांतून समाज दाखवणाऱ्या इरावतीबाई

घाटनांदूर (ता. अंबाजोगाई, जि. बीड) : परळी वैजनाथहून विकाराबादकडे जाणारा लोहमार्ग घाटनांदूर, लातूर रोड, उदगीर, भालकी, बीदर, झहीराबाद अशी स्थानके घेत तेलंगणात शिरतो. एकेकाळी हा सारा मुलूख निजामाच्या हैदराबाद संस्थानात मोडत असे. या गाडीतून जाणाऱ्या प्रवाशाच्या कानावर आधी मराठी पडते, मग कानडी आणि शेवटी तेलुगू. भाषेबरोबर आणखी एक गोष्ट बदलत जाते, पण ती खिडकीतून दिसत नाही. ती म्हणजे नात्यांची रीत. घाटनांदूर परिसरातील अनेक समाजांत परंपरेने मामाची मुलगी ही भाच्यासाठी हक्काची वधू मानली गेली आहे; त्यामुळे आईचा भाऊ हाच पुढे सासरा होतो. बीदर ओलांडून दक्षिणेकडे गेले, की कित्येक समाजांत खुद्द मामाचे भाचीशी लग्न लावण्याची चाल आढळते. याउलट उत्तरेकडे हिंदी मुलखात गेले, तर मामाच्या मुलीशी लग्न ही कल्पनाच बहुतेक हिंदू कुटुंबांना निषिद्ध वाटते.

नात्यांच्या साध्या शब्दांवरून आणि विवाहाच्या चालीरीतींवरून साऱ्या भारताचा असा नकाशा ज्यांनी मांडला, त्या डॉ. इरावती कर्वे यांच्या निधनाला अर्धशतकाहून अधिक काळ लोटला आहे. सर्वसामान्य मराठी वाचक त्यांना प्रामुख्याने ‘युगान्त’च्या लेखिका म्हणून ओळखतो. परंतु समाजशास्त्राची पायरी प्रथमच चढणाऱ्या विद्यार्थ्याला त्यांच्याइतका जवळचा वाटाड्या मराठीत दुसरा सापडणे कठीण आहे. कुटुंब, जात, विवाह, बाजार, यात्रा या शब्दांच्या व्याख्या पाठ करून परीक्षा उत्तीर्ण होता येते. त्या शब्दांमागची माणसे मात्र विद्यार्थ्याच्या घरात, गल्लीत आणि गावच्या पारावर वावरत असतात. या माणसांकडे पाहण्याची नजर हेच इरावतीबाईंच्या आयुष्यभराच्या कामाचे सार होय.

ब्रह्मदेशातून पुण्यात

इरावतीबाईंचा जन्म १५ डिसेंबर १९०५ रोजी ब्रह्मदेशातील म्यिंजान येथे झाला. वडील गणेश हरी करमरकर तेथे एका कापूस कंपनीत नोकरीला होते. त्या देशातील मोठ्या नदीच्या नावावरून मुलीचे नाव इरावती ठेवण्यात आले. सातव्या वर्षी तिला शिक्षणासाठी पुण्याच्या हुजूरपागा शाळेच्या वसतिगृहात पाठवले गेले. तेथे शकुंतला परांजपे ही मैत्रीण मिळाली आणि तिच्यामुळे फर्ग्युसन महाविद्यालयाचे प्राचार्य रँग्लर र. पु. परांजपे यांच्या घराची दारे उघडली. परांजपे दाम्पत्याने या मुलीला आपल्याच घरात ठेवून घेतले. रँग्लर कट्टर बुद्धिवादी होते. पुस्तकांचा आणि चर्चेचा सुकाळ असलेल्या त्या घरात प्रश्न विचारण्याची सवय इरावतीबाईंच्या अंगी मुरली. जन्मदात्यांचे घर दूर आणि मैत्रिणीचे घर स्वतःचे, असा अनुभव घेतलेल्या मुलीने पुढे नातेसंबंध हाच आपल्या अभ्यासाचा प्रमुख विषय केला, हा योगायोग लक्षात घेण्यासारखा आहे.

१९२६ साली फर्ग्युसनमधून तत्त्वज्ञान विषय घेऊन त्या पदवीधर झाल्या. त्याच सुमारास महर्षी धोंडो केशव कर्वे यांचे चिरंजीव दिनकर यांच्याशी त्यांचा विवाह झाला. विधवाविवाह आणि स्त्रीशिक्षण यांसाठी समाजाचा रोष पत्करलेल्या घरात त्या सून म्हणून आल्या. संततिनियमनाचा प्रचार करणारे र. धों. कर्वे हे त्यांचे दीर. दिनकरराव रसायनशास्त्राचे प्राध्यापक होते आणि पुढे फर्ग्युसनचे प्राचार्य झाले. पतीला चारचौघांत नावाने हाक मारणारी आणि पुण्याच्या रस्त्यांवरून स्कूटर चालवणारी स्त्री म्हणून इरावतीबाईंची शहरात चर्चा होत असे. त्या स्वतः मात्र अशा गोष्टींचा फारसा गाजावाजा करीत नसत.

पदवीनंतर त्या मुंबई विद्यापीठात डॉ. गो. स. घुर्ये यांच्या मार्गदर्शनाखाली समाजशास्त्र शिकू लागल्या. भारतातील या विषयाचा पाया घालणाऱ्यांत घुर्ये यांचे स्थान अग्रभागी आहे. १९२८ साली इरावतीबाईंनी पदव्युत्तर पदवीसाठी जो प्रबंध लिहिला, त्याचा विषय होता चित्पावन ब्राह्मण, म्हणजेच त्यांची स्वतःची जात. आपल्या घरापासून अभ्यासाला सुरुवात करण्याचा हा त्यांचा पहिला प्रयत्न म्हणता येईल. या जातीची वस्ती मूळची कोकणातली. पण तिच्यातील अनेक घराण्यांची कुलदेवता घाटनांदूरपासून जवळच असलेल्या अंबाजोगाईची योगेश्वरी आहे. समुद्रकाठच्या माणसांची देवी बालाघाटच्या डोंगररांगेत कशी, असा प्रश्न कोणाही जिज्ञासू विद्यार्थ्याला पडावा. असे प्रश्न नवलाचे म्हणून सोडून न देता त्यांचा माग काढणे, हा समाजशास्त्राचा पहिला धडा होय.

बर्लिनमधील कवट्या

१९२८ च्या अखेरीस इरावतीबाई उच्च शिक्षणासाठी जर्मनीला गेल्या. त्यांनी परदेशी जाण्यास खुद्द महर्षी कर्वे यांचा विरोध होता. स्त्रियांचे विद्यापीठ उभारणाऱ्या पुरुषानेही घरच्या सुनेच्या बाबतीत असा विचार करावा, ही त्या काळातील सुधारणेची मर्यादा म्हणावी लागेल. दिनकररावांनी स्वतः जर्मनीत डॉक्टरेट मिळवली होती. ते पत्नीच्या पाठीशी ठामपणे उभे राहिले. पुढे गुजरातचे पहिले मुख्यमंत्री झालेले डॉ. जीवराज मेहता यांनी प्रवास आणि शिक्षणासाठी कर्ज दिले.

बर्लिनच्या कैसर विल्हेल्म मानवशास्त्र संस्थेत त्यांचे मार्गदर्शक होते ऑयगेन फिशर. वंशांमध्ये जन्मजात उच्चनीचता असते, असे मानणाऱ्या विद्वानांपैकी ते एक होते. पुढे नाझी राजवटीने त्यांच्या विचारांचा आधार घेतला आणि त्यांनीही त्या राजवटीची साथ केली. मानवी कवटीची डावी आणि उजवी बाजू सारखी नसते. या असमानतेचा वंशाशी संबंध आहे काय, हा इरावतीबाईंच्या प्रबंधाचा विषय होता. श्वेतवर्णीयांच्या बुद्धीचे श्रेष्ठत्व कवटीच्या ठेवणीतून सिद्ध व्हावे, अशी मार्गदर्शकांची अपेक्षा होती.

इरावतीबाईंनी युरोपातील आणि युरोपाबाहेरील लोकांच्या कवट्या मोजल्या. त्यांतील काही जर्मनीच्या आफ्रिकेतील वसाहतींतून आणलेल्या होत्या. मोजमापांतून अपेक्षित निष्कर्ष निघाला नाही. असमानता सर्वच मानवसमूहांत आढळते आणि तिचा वंशाशी संबंध जोडता येत नाही, असे त्यांनी प्रबंधात नमूद केले. परक्या देशात, परक्या भाषेत, कर्ज काढून शिकणाऱ्या पंचविशीतील स्त्रीने आपल्या मार्गदर्शकाच्या गृहीतकाविरुद्ध निष्कर्ष मांडणे ही साधी गोष्ट नव्हती. १९३० साली त्यांना डॉक्टरेट मिळाली आणि त्या भारतात परतल्या. पुरावा जे सांगतो तेच लिहायचे, हा दंडक त्यांनी येथे स्वतःला घालून घेतला.

डेक्कन कॉलेजची तीन दशके

मायदेशी परतल्यावर १९३१ ते १९३६ या काळात त्यांनी महर्षी कर्वे यांनी स्थापन केलेल्या महिला विद्यापीठात कुलसचिव म्हणून काम केले. कार्यालयीन कामात मात्र त्यांचे मन रमले नाही. १९३९ साली पुण्याचे डेक्कन कॉलेज पदव्युत्तर संशोधन संस्था म्हणून पुन्हा सुरू झाले आणि तेथे समाजशास्त्राच्या प्रपाठक म्हणून त्यांची नेमणूक झाली. पुढील तीन दशके हीच त्यांची कर्मभूमी ठरली. समाजशास्त्र आणि मानवशास्त्र या विभागाची धुरा त्यांनी दीर्घकाळ वाहिली. पुणे विद्यापीठातील मानवशास्त्र विभागाची उभारणीही त्यांचीच. १९४७ साली भारतीय विज्ञान परिषदेच्या मानवशास्त्र शाखेचे अध्यक्षपद त्यांच्याकडे होते.

डेक्कन कॉलेजात पुरातत्त्वज्ञ डॉ. हसमुख सांकलिया हे त्यांचे सहकारी होते. गुजरातमधील लांघणज येथे सांकलियांनी केलेल्या उत्खननात अश्मयुगीन मानवाचे सांगाडे सापडले, तेव्हा त्यांच्या अभ्यासात इरावतीबाईंचा सहभाग होता. संस्कृत ग्रंथ, हाडे, रक्तगट, लोकगीते आणि जिवंत माणसांच्या मुलाखती या सर्व साधनांचा एकत्र वापर करणाऱ्या त्या संशोधक होत्या. एका विषयाची हद्द कोठे संपते आणि दुसऱ्याची कोठे सुरू होते, याची त्यांनी फारशी तमा बाळगली नाही. महाराष्ट्रातील खेडी, खानदेशातील भिल्ल वस्त्या, ओरिसा आणि दक्षिणेतील गावे अशी त्यांची भ्रमंती अखंड सुरू असे. संशोधनासाठी पैसा तुटपुंजा आणि प्रवासाची साधने जेमतेम. तरीही गावात जाऊन, माणसांत बसून माहिती मिळवण्याला त्यांनी पर्याय मानला नाही.

आत्याबाई आणि मामंजी

इरावतीबाईंचा सर्वांत महत्त्वाचा ग्रंथ म्हणजे भारतातील नातेव्यवस्थेवरील त्यांचे इंग्रजी पुस्तक. ते १९५३ साली डेक्कन कॉलेजने प्रसिद्ध केले. त्यासाठी त्यांनी देशातील विविध भाषांमधील नात्यांचे शब्द गोळा केले. वडिलांच्या भावाला काय म्हणतात, आईच्या भावाला काय म्हणतात, सासऱ्याला कोणता शब्द आहे, नणंदेला कोणता, असे हे प्रश्न. वरकरणी ते पोरकट वाटतील. पण त्यांच्या उत्तरांतून समाजाची घडण उलगडत जाते.

मराठीचेच उदाहरण घ्यावे. जुन्या पिढीतील सुना सासूला आत्याबाई आणि सासऱ्याला मामंजी म्हणत. वडिलांच्या बहिणीच्या घरी भाची सून म्हणून जाण्याची चाल जेथे आहे, तेथे सासू ही खरोखरच आत्या असते. लग्न नात्याबाहेर झाले तरी शब्द तेच राहिले. कानडी आणि तेलुगू भाषांत तर मामा आणि सासरा यांना एकच शब्द आहे. आत्या आणि सासू यांनाही एकच. हिंदीत मात्र बुआ वेगळी आणि सास वेगळी, मामा वेगळा आणि ससुर वेगळा. जेथे शब्द एक, तेथे लग्न ओळखीच्या घरात. जेथे शब्द निरनिराळे, तेथे लग्न परक्या घरात, असे सर्वसाधारण सूत्र यातून हाती येते.

या आधारावर इरावतीबाईंनी भारताचे उत्तर, मध्य, दक्षिण आणि पूर्व असे चार विभाग कल्पिले. त्यांत महाराष्ट्राला मध्य विभागात स्थान दिले. मामाची मुलगी चालते, पण आत्याची मुलगी सहसा चालत नाही, ही अनेक मराठी समाजांतील रीत म्हणजे उत्तर आणि दक्षिण या दोन पद्धतींच्या मधला टप्पा आहे, असे त्यांनी दाखवले. मराठवाड्यासारख्या, कानडी आणि तेलुगू मुलखाला खेटून असलेल्या प्रदेशात हे मधलेपण अधिकच ठळकपणे जाणवते.

या वर्गीकरणाचा सर्वाधिक संबंध येतो तो मुलीच्या आयुष्याशी. उत्तरेत मुलगी दूरच्या, अपरिचित गावी दिली जाते. माहेरी लेक म्हणून मोकळेपणाने वावरणारी मुलगी सासरी गेली, की तिच्या तोंडावर पदर येतो आणि तिचे बोलणे तोलूनमापून होते. दक्षिणेत ती लहानपणापासून पाहिलेल्या घरात जाते. तेथील माणसे तिच्या परिचयाची असतात. माहेर आणि सासर यांतील दरी कोठे किती रुंद आहे, याचा इरावतीबाईंनी घेतलेला शोध म्हणजे भारतीय स्त्रीच्या दुःखाचा भूगोलच होता. नातेव्यवस्थेसारख्या रुक्ष वाटणाऱ्या विषयात त्यांनी हा मानवी प्रश्न कधी नजरेआड होऊ दिला नाही.

कुंभाराचे चाक

जातीच्या प्रश्नावर इरावतीबाईंचे आपल्या गुरूंशी मतभेद झाले. एक मोठी जात असते आणि तिचे तुकडे पडून पोटजाती तयार होतात, असे सर्वसाधारणपणे मानले जात असे. इरावतीबाईंनी हा विचार उलटा केला. ज्यांच्यात आपापसांत लग्ने होतात तो गट हीच खरी जात, आणि अशा अनेक स्वतंत्र गटांना व्यवसायाच्या साम्यामुळे एकच नाव मिळाले, असे त्यांचे म्हणणे होते.

त्यासाठी त्यांनी कुंभारांचे उदाहरण घेतले. महाराष्ट्रात कुंभार म्हणवणारे अनेक गट आहेत. कोणी मोठ्या चाकावर भांडी घडवतो, कोणी लहान चाकावर. त्यांच्यात परस्पर बेटीव्यवहार परंपरेने होत नसे. मडके सगळेच घडवतात म्हणून ते एका मूळ कुळातून फुटले, असे समजण्यास आधार नाही, असा निष्कर्ष त्यांनी काढला. हिंदू समाजाची रचना या विषयावरील त्यांचे इंग्रजी पुस्तक १९६१ साली प्रसिद्ध झाले. जात हे वाढलेल्या नातलगांचे जाळे आहे, ही त्यातील मध्यवर्ती मांडणी. नात्याचा आणि जातीचा असा सांधा जोडला गेल्यामुळे, सोयरीक जुळवताना घरोघरी होणारी चौकशी हीदेखील समाजशास्त्राची सामग्री ठरली.

वारीची वाट

महाराष्ट्र म्हणजे काय, हा प्रश्न संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत राजकीय झाला. इरावतीबाईंनी त्याचे उत्तर त्याआधीच पायी चालत शोधले होते. ज्ञानेश्वर माउलींच्या पालखीबरोबर त्या पंढरपूरला गेल्या आणि त्या प्रवासावर ‘वाटचाल’ हा लेख लिहिला. पंढरपूरच्या वारीला ज्या भूमीतले लोक जातात ती भूमी म्हणजे महाराष्ट्र, अशी व्याख्या त्यांना या वाटेवर सापडली. दिनकररावांनी केलेला या लेखाचा इंग्रजी अनुवाद १९६२ साली परदेशी नियतकालिकात प्रसिद्ध झाला आणि वारीकडे जगभरातील अभ्यासकांचे लक्ष वेधले गेले.

बीड जिल्ह्यातील वाचकाला ही व्याख्या समजावून सांगण्याची गरज नाही. शेगावहून निघणारी गजानन महाराजांची पालखी परळी, अंबाजोगाईमार्गेच पुढे पंढरपूरला जाते. परंतु इरावतीबाई केवळ भक्तिभावाने भारावून थांबल्या नाहीत. एकाच दिंडीत एकत्र चालणाऱ्या, एकत्र अभंग गाणाऱ्या ब्राह्मण आणि मराठा मंडळींच्या चुली आणि पंगती वेगळ्या होत्या, हे त्यांनी पाहिले. दोन्ही गटांत त्या मिसळल्या आणि दोन्हीकडे जेवल्या. मुखी समतेचे अभंग असताना ताट मात्र वेगळे, ही विसंगती त्यांना बोचली आणि तिची नोंद त्यांनी प्रांजळपणे केली. ज्यांच्याविषयी ममत्व आहे त्यांच्यातील उणेही लपवायचे नाही, ही अभ्यासकाची कसोटी या लेखात उतरली आहे.

आठवडी बाजार आणि धरण

आयुष्याच्या अखेरच्या दशकात इरावतीबाईंचे लक्ष बदलत्या ग्रामीण समाजाकडे वळले. जयंत रानडिवे यांच्या सहकार्याने त्यांनी फलटण शहराचा आणि भोवतालच्या खेड्यांचा अभ्यास केला. तो १९६५ साली प्रसिद्ध झाला. हेमलता आचार्य यांच्यासमवेत केलेला आठवडी बाजारांचा अभ्यास १९७० साली आला. बाजार म्हणजे केवळ भाजीपाला आणि जनावरांची खरेदी-विक्री नव्हे. तेथे निरोप दिले जातात, सोयरिकींची बोलणी होतात, उधारी फिटते, निवडणुकीचा अंदाज बांधला जातो. कोणत्या गावची माणसे कोणत्या बाजाराला जातात हे नकाशावर मांडले, तर सरकारी तालुक्याहून वेगळा, लोकांनी स्वतः आखलेला प्रदेश डोळ्यांसमोर येतो.

याच काळात त्यांनी कन्या जाई निंबकर यांच्यासह कोयना धरणाच्या विस्थापितांची पाहणी केली. तिचा अहवाल १९६९ साली प्रसिद्ध झाला. महाराष्ट्राला वीज देणाऱ्या या प्रकल्पाचे सर्वत्र कौतुक होत असताना, ज्यांची गावे पाण्याखाली गेली त्या माणसांचे पुढे काय झाले, असा प्रश्न विचारणाऱ्या या दोघी होत्या. कोयनेच्या खोऱ्यातील कुटुंबे ठाणे, कुलाबा अशा दूरच्या जिल्ह्यांतही पांगली. जमिनीच्या मोबदल्याचा आकडा सरकारी कागदावर येतो. सोयरे, भावकी आणि ग्रामदैवत यांच्यापासून तुटण्याचा आकडा कोठेही येत नाही. धरणग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदा महाराष्ट्रात १९७६ साली झाला, हे लक्षात घेतले म्हणजे या पाहणीचे महत्त्व ध्यानी येते.

स्वतःकडेही त्याच नजरेने

इरावतीबाईंनी समाजाकडे पाहताना स्वतःला वगळले नाही. १९४९ साली प्रसिद्ध झालेल्या ‘परिपूर्ती’ या संग्रहातील त्याच नावाचा लेख याची साक्ष देतो. एका समारंभात त्यांची ओळख थोर सासऱ्यांची सून, विद्वान पतीची पत्नी अशी करून दिली जाते. या ओळखीत काहीतरी राहून गेल्याची रुखरुख मनात असतानाच, रस्त्याने जाताना शाळकरी मुलांचे बोलणे कानावर येते. आपल्या वर्गातील मुलाची ही आई, अशी ओळख ती मुले एकमेकांना करून देतात आणि लेखिकेला परिपूर्तीचा अनुभव येतो. डॉक्टरेट मिळवलेल्या, देशोदेशी व्याख्याने देणाऱ्या स्त्रीलाही समाज नात्यांच्याच खुंट्यांवर टांगतो, हे त्यांनी येथे हसत हसत दाखवले. त्याचबरोबर त्या नात्यांतून मिळणारे सुख खोटे नाही, हेही नाकारले नाही. भूमिका आणि दर्जा या समाजशास्त्रीय संज्ञा विद्यार्थ्याला समजावून देण्यास याहून सुगम लेख शोधून सापडणार नाही.

‘युगान्त’मध्ये त्यांनी हीच दृष्टी महाभारताकडे वळवली. कुंती, गांधारी, द्रौपदी, कर्ण या व्यक्तींना त्यांनी देवत्वाच्या मखरातून बाहेर काढले आणि कुळ, वारसा, मातृत्व, मानापमान यांच्या ताणात सापडलेली माणसे म्हणून उभे केले. खांडववनाच्या दहनात त्यांना जमिनीसाठी अरण्यवासीयांचा झालेला संहार दिसला. १९६७ साली प्रसिद्ध झालेल्या या पुस्तकाला १९६८ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. ११ ऑगस्ट १९७० रोजी पुण्यात इरावतीबाईंचे निधन झाले, तेव्हा त्यांचे वय अवघे ६४ होते.

मर्यादा आणि वारसा

इरावतीबाईंच्या कामाचे मूल्यमापन करताना त्याच्या मर्यादाही पाहिल्या पाहिजेत. बर्लिनमध्ये वंशश्रेष्ठत्वाचा दावा त्यांनी फेटाळला. तरी माणसांच्या शरीरांची मोजमापे घेऊन जातिसमूहांचे मूळ शोधण्याची पद्धत त्यांनी अखेरपर्यंत सोडली नाही. आजचे शास्त्र या पद्धतीकडे साशंकतेने पाहते. संस्कृत ग्रंथांवर त्यांनी जरुरीपेक्षा अधिक भर दिला, अशी टीकाही झाली. जमिनीची मालकी, मजुरी आणि सत्ता यांचा विचार त्यांच्या नातेव्यवस्थेच्या विवेचनात मागे पडतो. त्यांची नात ऊर्मिला देशपांडे आणि अभ्यासक थियागो पिंटो बार्बोसा यांनी लिहिलेले इंग्रजी चरित्र २०२४ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यामुळे त्यांच्या बर्लिनमधील वास्तव्याकडे पुन्हा लक्ष वेधले गेले आहे.

असे असले तरी त्यांनी घालून दिलेली पद्धत जुनी झालेली नाही, याची प्रचिती बीड जिल्ह्यातच येते. दरवर्षी दिवाळीच्या आगेमागे येथील हजारो कुटुंबे ऊसतोडीसाठी पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात जातात. मुकादमाकडून उचल घेताना मजुरांची मोजदाद कोयत्याने होते आणि एक कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. कामाचे एकक मजूर हे नसून जोडपे हे आहे. मुलाचे लग्न झाले की घरात एक कोयता वाढतो. मुलगी वयात आली की तिला मागे एकटे कसे ठेवायचे, ही आईबापांची काळजी असते. या दोन गोष्टी एकत्र ठेवल्या, की बालविवाहाचा प्रश्न केवळ अज्ञानाचा राहत नाही. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात बीड जिल्ह्यातील २० ते २४ वयोगटातील सुमारे ४४ टक्के स्त्रियांचे लग्न अठरा वर्षांच्या आत झाल्याचे आढळले. राज्याचे प्रमाण सुमारे २२ टक्के होते.

कोयता हा शब्द बीडच्या मुलाला शाळेत जाण्याआधीपासून ठाऊक असतो. त्या शब्दात विवाह, श्रम, कर्ज आणि स्थलांतर ही समाजशास्त्राची चार प्रकरणे सामावली आहेत. आईवडील कारखान्यावर गेल्यावर मुले आजीजवळ राहतात की मावशीकडे, फडावरच्या झोपडीत कोणाची भावकी शेजारी असते, उचल फिटली नाही तर ती कोणाच्या नावावर चढते, हे प्रश्न वर्गातील विद्यार्थी आपल्याच घरी विचारू शकतो. इरावतीबाईंनी आत्याबाई आणि मामंजी या शब्दांपासून सुरुवात केली होती. मराठवाड्यातील विद्यार्थ्याने कोयता या शब्दापासून सुरुवात केली, तर त्यांच्या कामाचा धागा पुढे जाईल. आणि ज्या प्रश्नांची उत्तरे आकडेवारीला देता आलेली नाहीत, ती कदाचित त्याच्या वहीत सापडतील.